संकलकाचे कर्तृत्व: रेणू सलुजा आणि ‘अर्धसत्य’

‘अर्धसत्य’ (१९८३) या चित्रपटाचा विचार मराठी वाचक साहजिकच माध्यमांतराच्या अंगाने करतो. श्री. दा. पानवलकर यांची ‘सूर्य’ ही कथा, विजय तेंडुलकर यांची पटकथा आणि गोविंद निहलानी यांचे दिग्दर्शन अशी कर्तृत्वाची साखळी सांगितली जाते. तिच्यातील शेवटचा दुवा, संकलक रेणू सलुजा (१९५२–२०००), बहुधा गळतो.

सलुजा यांची व्यावसायिक घडण पुण्याची. ‘प्रभात’च्या आवारात १९६० साली सुरू झालेल्या चित्रपटसंस्थेत त्या दिग्दर्शन शिकण्याच्या इच्छेने आल्या, प्रवेश मिळाला तो संकलनाला. सत्तरच्या दशकातील त्याच काळात ओम पुरी तेथे अभिनयाचे विद्यार्थी होते.

‘अर्धसत्य’मध्ये ओम पुरींचा अनंत वेलणकर उपाहारगृहात ज्योत्स्नासमोर दिलीप चित्रे यांची कविता वाचतो. सहज सुरू झालेले वाचन पाहता पाहता आत्मशोध होऊ लागते. हे परिवर्तन नटाचे, यात शंका नाही. परंतु वाचणाऱ्याच्या चेहऱ्यावर किती काळ थांबायचे, ऐकणारीकडे केव्हा वळायचे, कोणते मौन राखायचे, हे संकलनाच्या मेजावर निश्चित होते. प्रेक्षकापर्यंत पोहोचतो तो निवडलेला अभिनय. त्याच वर्षीच्या ‘जाने भी दो यारो’मध्ये प्रेताशी गप्पा मारणारा मद्यधुंद आहुजाही ओम पुरींचाच, आणि संकलनही सलुजा यांचेच. एका चित्रपटाची लय कोंडमाऱ्याची, दुसऱ्याची प्रहसनाची.

संकलन आणि अभिनय यांचे हे नाते एका फ्रेंच उदाहरणात अधिक उघड होते. मोपासाँच्या कथेवरील ‘पार्ती द कांपान्य’चे चित्रीकरण १९३६ साली अपुरे राहिले. दिग्दर्शक झाँ रन्वार अमेरिकेत असताना मार्गेरित रन्वार यांनी उपलब्ध चित्रणातून त्याची रचना पूर्ण केली. १९४६ साली तो प्रदर्शित झाला. त्यात मोलकरणीची छोटी भूमिकाही त्यांनीच केली होती.

संकलकाचा वाटा दिग्दर्शकाच्या वाट्यापासून नेमका वेगळा कसा काढायचा, हा आक्षेप रास्त आहे. ‘परिंदा’ (१९८९), ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ या चित्रपटांसाठी सलुजा यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. पुरस्काराने श्रेय नोंदले जाते, अन्वय लागत नाही. तो लावण्याची दृष्टी मराठीला परकी नसावी. शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरीचा पाठ शुद्ध करणाऱ्या एकनाथांचे श्रेय मान्य केल्याने ज्ञानदेवांचे कर्तृत्व उणे झाले नाही. पाठनिश्चितीला महत्त्व देणाऱ्या या परंपरेने चित्रपटाच्या पाठाचाही तसाच विचार करावयास हवा.