मूकपटात कुत्रं कसं रडलं?

सध्या गावी, रोहिणखेडला आहे. काल रात्री गल्लीतली कुत्री रडायला लागली आणि मला माझ्या प्रबंधातली एक चूक आठवली. तुम्ही संशोधनाच्या तयारीत असाल तर ती सांगून टाकतो.

माझं प्रकरण होतं : सुरुवातीच्या मूकपटांनी अपराधी, खचलेलं मन कसं दाखवलं? नमुना सरळ होता. ग्रिफिथचा १९१४ चा ‘द अव्हेंजिंग कॉन्शन्स’, एडगर अ‍ॅलन पोच्या कथेवरचा. काकाचा खून केलेला पुतण्या गुप्तहेरासमोर बसलाय. हेर पेन्सिल टेबलावर आपटतो, पाय आपटतो. मध्येच घड्याळाचा लंबक दिसतो. पुतण्याला त्यात मेलेल्या काकाच्या हृदयाचे ठोके ऐकू येतात आणि तो कोसळतो. पडद्यावर आवाज शून्य, पण ठोका आपल्यालाही जाणवतो. केवळ दृश्यांच्या लयीमुळे! (शेवटी ते सगळं स्वप्न निघतं, तो भाग मला पटत नाही.)

मग मराठी उदाहरण हवं होतं. बाबूराव पेंटरांचा ‘सावकारी पाश’, १९२५, कोल्हापूरची महाराष्ट्र फिल्म कंपनी, कथा ना. ह. आपट्यांची, तरुण शेतकरी म्हणजे व्ही. शांताराम. प्रिंट आज उपलब्ध नाही. म्हणून मी आठवणींवर विसंबलो. जे. बी. एच. वाडियांनी एका दृश्याचं फार कौतुक केलंय : अंधुक प्रकाशातली उदास झोपडी आणि कुत्र्याचं रडणं. मी लगेच लिहिलं, ‘मूकपटातला मानसिक उद्ध्वस्ततेचा उत्कृष्ट नमुना’. दोन पानं विवेचनही झोडलं!

आता सांगा, मूकपटात कुत्र्याचं रडणं ऐकू कसं येईल? वाडियांची आठवण पेंटरांनीच १९३६ मध्ये काढलेल्या ‘सावकारी पाश’च्या बोलपटाची आहे. मूकपट त्यांना पुसटसाच आठवत होता. मी एम.एस्सी.वाला, साधन काय मोजतंय ते आधी बघायचं हे शिकलेला. तरी नाव एकच दिसलं आणि फसलो.

ती पानं काढून टाकली. उरलं ते कथानक, आणि त्यातून वेगळाच प्रश्न निघाला. ग्रिफिथकडे ज्यानं पाप केलं तोच मोडतो. इथे मात्र जमीन जाते शेतकऱ्याची, गाव सोडून शहरात मजुरीला जातो तोही शेतकरीच. मग सावकाराच्या मनाला टोचणी लागताना आपल्या मूकपटांनी कधी दाखवली का? आता माझं प्रकरण तिथून सुरू होतं.