इमारतीची उंची आणि पिझ्झाची जाडी

१२ नोव्हेंबर २०१३ला एक निकाल लागला. न्यूयॉर्कच्या वन वर्ल्ड ट्रेड सेंटरच्या माथ्यावरचा खांब उंचीत धरायचा, असं उंच इमारतींची नोंद ठेवणाऱ्या परिषदेनं ठरवलं. इमारत भरली १,७७६ फूट. शिकागोच्या १,४५१ फुटी विलिस टॉवरचा ‘अमेरिकेत सर्वांत उंच’ हा मान गेला. गंमत म्हणजे परिषदेचं कार्यालय शिकागोतच!

शिकागोकर कुरकुरले. त्यांना उत्तर दिलं ‘द डेली शो’च्या जॉन स्टुअर्टनं, आणि ते थेट पिझ्झावर घसरलं. शिकागोचा डीप डिश हा पिझ्झाच नव्हे, पिझ्झा न्यूयॉर्कचा, असा त्याचा दावा.

आता इतिहास बघू. न्यूयॉर्कचा पातळ पिझ्झा विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इटालियन स्थलांतरितांनी रुजवला. तुकडा घ्यायचा, दुमडायचा, चालता चालता खायचा. डीप डिशचा उगम साधारणपणे १९४३च्या पिझ्झेरिया उनोशी जोडतात. खोल भांडं, खाली चीज, वर टोमॅटो. खायला काटा-सुरीच हवी. म्हणजे ज्या ‘परंपरे’साठी भांडण, ती एखाद्या आजीच्या आयुष्याएवढी!

मग एवढी ईर्ष्या कशाची? न्यूयॉर्कची ती इमारत ११ सप्टेंबर २००१च्या जखमेवर उभी राहिली होती. उंचीच्या वादात तो अभिमान होता, आणि पिझ्झा त्याची सोपी, हसरी भाषा ठरला.

आणि शिकागोकर रोज काय खातात? बरेचजण पातळ, कुरकुरीत, चौकोनी कापलेला पिझ्झाच! शहराची ओळख आणि शहराचं ताट, दोन्ही एकच असतात असं नाही.