तळटीप : ‘काळाचा चुरा’

काळ मोडला की मागे उरणारा हा जहरी पदार्थ लेखकाच्या कल्पनेतला. कथेतलं मेहकर गाव मात्र खरं. बीदर जिल्ह्याच्या भालकी तालुक्यातलं, बुलढाण्याचं शारंगधर बालाजीचं नव्हे. पदार्थाचा खरा भाऊबंद शोधायचा तर जुनं, अंधारात चमकणारं घड्याळ उघडावं. खरं तर उघडू नये. काट्यांवरचा तो पिवळट, पापुद्रे सुटलेला रंग म्हणजे रेडियम आणि झिंक सल्फाइड. झिंक सल्फाइड काही वर्षांत थकतं, उजेड विझतो आणि घरातले म्हणतात, ‘रेडियम गेलं’. ते गेलेलं नसतं. रेडियम-२२६ निम्मं व्हायलाच सुमारे १६०० वर्षं लागतात. चुरा श्वासातून किंवा तोंडावाटे पोटात गेला, तर शरीर त्याला कॅल्शियम समजून हाडांत साठवतं. १९१७नंतर न्यू जर्सीतल्या कारखान्यात तबकड्या रंगवणाऱ्या मुली कुंचल्याला ओठांनी टोक काढत; पुढे कित्येकींचे जबडे सडले. कथेतला घड्याळजी तबकडीवर फुंकर मारतो, ती ओळ म्हणूनच आम्ही गाळली नाही. ट्रकच्या मागे चिकटवतात त्या ‘रेडियम’मध्ये मात्र रेडियमचा कणही नसतो. – संपा.