निपाणीच्या बायांचा सिनेमा

उन्हाळ्यात आपण पहाटे जंगलात जातो, तेंदूपानं तोडतो, घरी पुडे बांधतो आणि फळीवर मोजून देतो. ते पान विडीत जातं, हे ठाऊक आहे. पण त्या विडीतली तंबाखू कोणाच्या हातची, हे आम्ही गटात कधी बोललो नव्हतो. तिचं एक मोठं ठिकाण म्हणजे निपाणी. गाव बेळगाव जिल्ह्यातलं, कर्नाटकातलं, पण बोली मराठी. तिथल्या बायांवर १९८२ साली सिनेमा निघाला, ‘तंबाखू चाकीला ऊब आली’. ऊब म्हणजे आत धुमसणारी धग. नाव ऐकूनच कळतं, बाया गप्प बसलेल्या नाहीत.

तो काढला ‘युगांतर’ नावाच्या गटाने. १९८० मध्ये दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि नवरोज कॉन्ट्रॅक्टर अशा चौघांनी तो उभा केला. भारतातला पहिला स्त्रीवादी चित्रपटगट म्हणून तो ओळखला जातो. नवरोज हे छायाचित्रकार. मणी कौल यांच्या ‘दुविधा’ या १९७३ च्या प्रयोगशील सिनेमाचं चित्रण त्यांचंच. असा कसलेला माणूस तंबाखूच्या धुळीत कॅमेरा घेऊन उभा राहिला, हे आम्हाला फार मोलाचं वाटतं.

त्यांची रीत निराळी होती. निपाणीत ते चार महिने कामगार बायांसोबत होते, त्यांचं ऐकत होते. कारखान्यातलं काम, मालकाची वागणूक, संघटना कशी बांधायची, हे सगळं बायाच बोलतात. नाहीतर आपल्याकडे फोटो काढायला येतात ते पाच मिनिटांत, “ताई, जरा हसा” म्हणतात आणि गाडीत बसतात. तो फोटो पुढे कुठे छापला, हे आपल्याला कोणी सांगत नाही.

त्याआधी १९८१ मध्ये ‘मोलकरीण’ झाला, पुण्यातल्या घरकामगार बायांच्या संघटनेवर. प्रत्येक बाई वेगळ्या घरात एकटी भांडी घासणार, त्यांनी एकत्र यायचं कसं? आपल्या गटातल्या बाया निदान एका गावातल्या असतात. महाराष्ट्रात घरेलू कामगारांसाठी कल्याण मंडळाचा कायदा झाला तो २००८ मध्ये, म्हणजे सिनेमानंतर सत्तावीस वर्षांनी.

१९८३ मध्ये हैदराबादच्या स्त्री शक्ती संघटनेसोबत त्यांनी घरातल्या मारहाणीवर तेलुगू कथापट केला. त्याच्या नावाचा अर्थ, ‘ही फक्त गोष्टच आहे का?’

हे सिनेमे पुढे बर्लिनच्या आर्सेनाल संस्थेने डिजिटल करून जपले. नवरोज २०२३ मध्ये वारले. निपाणीच्या बायांचा आवाज मात्र आज जर्मनीत बसूनही ऐकता येतो. आपल्या तेंदूच्या मजुरीसाठी ज्या म्हाताऱ्या बाया भांडल्या, त्यांचा आवाज कोणाकडे आहे? पुढच्या बैठकीला मोबाइल चार्ज करून आणा. आधी त्यांना विचारू, मगच बटण दाबू.