केदार शिंदे

केदार शिंदे हे मराठी रंगभूमी, दूरचित्रवाणी आणि चित्रपट या तिन्ही क्षेत्रांत काम करणारे दिग्दर्शक व लेखक आहेत. शाहीर कृष्णराव साबळे हे त्यांच्या आईचे वडील. साबळे यांच्या 'महाराष्ट्राची लोकधारा' या कार्यक्रमात अंकुश चौधरी व भरत जाधव यांच्यासह शिंदे यांनी उमेदवारी केली.

दूरचित्रवाणी

'हसा चकट फू' ही शिंदे यांची आरंभीच्या काळातील विनोदी मालिका. तथापि त्यांच्या कीर्तीचा मुख्य आधार म्हणजे 2001 साली अल्फा टीव्ही मराठी (नंतरची झी मराठी) या वाहिनीवर सुरू झालेली 'श्रीयुत गंगाधर टिपरे'. ही मालिका दिलीप प्रभावळकर यांच्या 'अनुदिनी' या रोजनिशीवजा पुस्तकावर आधारलेली होती. (पुढे महाजालावरील 'ब्लॉग'साठी मराठीत हाच शब्द रूढ झाला.) रोजनिशीत घटनांपेक्षा त्यांवरील टिपणीला महत्त्व असते. त्यामुळे तिचे दृश्यरूप करणे सोपे नव्हते.

टिपरे कुटुंब तीन पिढ्यांचे, मध्यमवर्गीय. आबांची भूमिका स्वतः प्रभावळकर यांनी केली. त्यांचा जन्म 1944 सालचा, म्हणजे साठी गाठण्यापूर्वीच ते आजोबा झाले. मुलगा शेखर (राजन भिसे), सून श्यामला (शुभांगी गोखले), नातवंडे शिऱ्या (विकास कदम) व शलाका (रेश्मा नाईक) ही इतर पात्रे. या घरात खलपात्र नाही, कटकारस्थान नाही. सासरा आणि सून यांचे नातेही कुरघोडीचे नसून समजुतीचे आहे. हिंदी वाहिन्यांवर सासू-सुनांच्या दैनंदिन मालिकांचा जोर असलेल्या काळात ही साप्ताहिक मालिका लोकप्रिय झाली, ही बाब लक्षणीय आहे. पात्रांना हास्यास्पद न करता त्यांच्या स्वभावातून विनोद फुलू देणे, हा शिंदे यांच्या दिग्दर्शनाचा येथील विशेष होय.

2020 साली कलर्स मराठीवरील 'सुखी माणसाचा सदरा' या मालिकेद्वारे ते भरत जाधव यांच्यासह पुन्हा कौटुंबिक विनोदाकडे वळले.

रंगभूमी व चित्रपट

2002 साली रंगभूमीवर आलेल्या 'सही रे सही' या त्यांच्या नाटकाने भरत जाधव यांना अमाप लोकप्रियता मिळवून दिली. टिपऱ्यांच्या संयत विनोदाच्या तुलनेत या नाटकाची जात वेगळी, धावपळीची व वेषांतराची आहे. 'अगं बाई अरेच्चा!' (2004) आणि 'जत्रा' (2006) हे त्यांचे गाजलेले चित्रपट. 2023 साली त्यांचे दोन चित्रपट प्रदर्शित झाले: आजोबांच्या जीवनावरील 'महाराष्ट्र शाहीर', ज्यात शाहिरांची भूमिका अंकुश चौधरी यांनी साकारली, आणि मंगळागौरीच्या स्पर्धेसाठी एकत्र येणाऱ्या सहा बहिणींची कथा सांगणारा 'बाईपण भारी देवा'.