बाजारबैठकीचा पैसा : कर, भाडे की फी?

आठवडी बाजारात पथारी टाकून बसणाऱ्या विक्रेत्याकडून जो लहानसा पैसा घेतला जातो, त्याचा इतिहास आपल्याकडे फारसा लिहिला गेलेला नाही. जमीनमहसुलाच्या विस्तीर्ण इतिहासापुढे तो क्षुल्लक वाटतो. तथापि या पैशावरून उद्भवलेल्या वादांकडे पाहिले असता त्या सर्वांच्या मुळाशी एकच प्रश्न आढळतो. हा पैसा कशाबद्दल? बसण्याच्या जागेबद्दल, करीत असलेल्या धंद्याबद्दल, की बाजारात मिळणाऱ्या सोयींबद्दल? बुलढाणा जिल्ह्याच्या प्रदेशात निरनिराळ्या राजवटींनी या पैशाला निरनिराळी नावे दिली. नावांचा हा फेरबदल केवळ शाब्दिक नव्हता, हे दाखविणे एवढाच प्रस्तुत टिपणाचा हेतू आहे.

जुने शब्द या बाबतीत बोलके आहेत. ‘मोहतर्फा’ हा मूळ अरबी शब्द कारागीर व धंदेवाईक यांचा वाचक; म्हणून मोहतर्फा हा धंद्यावरील कर. ‘तहबाजारी’ या फारसी शब्दातील ‘तह’ म्हणजे तळ. अर्थात बाजाराखालील जमिनीबद्दलचे देणे. आपला ‘बैठक’ हा शब्दही बसण्याच्या जागेकडेच निर्देश करतो. ‘फसकी’ मात्र यांहून वेगळी. मांडलेल्या मालातून मूठभर उचलून घेण्याच्या त्या हक्कात ना जागेचा हिशोब, ना सोयीचा. तेथे घेणाराचा अधिकार हेच काय ते कारण. पेठेतील शेटे-महाजनांचे वतनी हक्कही दुकानांवर आणि मालावर बसविलेले असत. वाद पडला म्हणजे तो गोतसभेपुढे जाई आणि महजराने निकालात निघे. तेथे मुख्य प्रश्न हक्क कोणाचा हा असे. देणाराला त्याबद्दल काय मिळते, हा नव्हे.

१७२४ मध्ये याच जिल्ह्यातील साखरखेर्डा येथे निजामुल्मुल्काने मुबारिजखानाचा पराभव केला. पुढे वऱ्हाडात निजाम व नागपूरकर भोसले यांची दोअमली नांदली. १८०३ च्या देवगावच्या तहानंतर निजामाचा एकट्याचा अंमल झाला, त्या काळात पुरणमल, पेस्तनजी यांसारख्या सावकारांकडे वसुलीचे मक्ते गेले. १८५३ च्या तहाने वऱ्हाड इंग्रजांच्या कारभाराखाली आले. राजवट बदलली, परंतु बाजाराचा हर्रास करून ठेकेदारामार्फत वसुली करण्याची चाल मागे राहिली.

इंग्रजी अमलात कायद्याची भाषा बदलली. वऱ्हाडचा म्युनिसिपल कायदा १८८६ चा. कापूस व धान्य यांच्या बाजारांसाठी १८९७ चा स्वतंत्र कायदा. या दुसऱ्या कायद्याने अडत्ये व मापारी यांना परवाने लावले आणि बाजाराची व्यवस्था समितीकडे दिली. १८७० मध्ये रेल्वेचा फाटा मिळालेले खामगाव हे कापसाचे मोठे केंद्र होते. १९०५ मध्ये तो तालुका अकोला जिल्ह्यातून बुलढाण्यात आला. कापसाच्या गाडीला अशा रीतीने नियंत्रित बाजार मिळाला. भाजीची पाटी घेऊन बसणारीला मात्र त्या कायद्यात स्थान नव्हते. तिचा पैसा १९२२ च्या मध्यप्रांत म्युनिसिपालिटी कायद्यात करांच्या यादीतच घातलेला आढळतो; सरकारच्या वा कमिटीच्या ताब्यातील जागी माल मांडणारांवरील बाजारदेणी असे त्याचे वर्णन आहे. आकारणी जागेवरून, पण गणना करांत!

न्यायालयांना या संदिग्धतेचा निर्णय करावा लागला. विशिष्ट जमिनीवर बाजारदेणी वसूल करण्याचा हक्क हा जमिनीपासून निघणारा लाभ होय, असे अलाहाबाद उच्च न्यायालयाने १९०५ मध्ये ठरविले. म्हणजे ठेका हा नोंदणीच्या कायद्यापुरता स्थावराचा व्यवहार झाला. १९५२ मध्ये उत्तर प्रदेशातील जलालाबादच्या नगरसमितीचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आले. समितीने भाजीपाल्याच्या घाऊक विक्रीचा मक्ता देऊन इतर व्यापाऱ्यांवर फी बसविली होती. समितीच्या ताब्यातील जागेच्या वापराबद्दल फी घेता येईल, स्वतःच्या दुकानात धंदा करणाराकडून घेता येणार नाही, असा निर्णय झाला. १९५४ मध्ये शिरूर मठाच्या खटल्यात त्याच न्यायालयाने कर व फी यांतील भेद स्पष्ट केला. फीच्या मोबदल्यात सेवा अपेक्षित आहे. कराच्या बाबतीत तशी अपेक्षा नाही.

१९५६ मध्ये विदर्भ मुंबई राज्यात आला आणि १९५८ चा मुंबई ग्रामपंचायत कायदा येथील खेड्यांना लागू झाला. त्यात बाजार व आठवडी बाजार यांवरील आकारणीस ‘फी’ म्हटले आहे. तिच्या वसुलीचा ठेका लिलावाने देण्यासही मुभा आहे. येथे खरी अडचण आहे. ‘फी’ म्हटले की ओटा, पाणी, झाडलोट यांची मागणी करण्याचा अधिकार विक्रेत्याला प्राप्त होतो; परंतु ज्याच्या हाती तो पैसा देतो त्या ठेकेदाराचे लक्ष आपल्या बोलीची रक्कम भरून काढण्याकडे असते. दर पंचायतीचा, पावती ठेकेदाराची, आणि सोय कोणाकडे मागावी हे अनिश्चित!

यामुळेच न्यायालयीन निर्णयांत घाऊक व्यापारी भेटतो, ठेकेदार भेटतो, संस्था भेटते; पथारीवाला क्वचितच. काही पैशांसाठी वकील करणे त्याला परवडत नाही. १९८९ मध्ये सोदानसिंग प्रकरणात रस्त्यावरील विक्री हा धंद्याच्या मूलभूत हक्कात येतो, परंतु ठराविक जागेवर हक्क सांगता येत नाही, असे ठरले. २०१४ च्या पथविक्रेता कायद्याने शहरांतील समित्यांत विक्रेत्यांना किमान ४० टक्के प्रतिनिधित्व दिले. ग्रामपंचायतीचा आठवडी बाजार त्या कायद्याच्या कक्षेबाहेर आहे. फसकीपासून फीपर्यंत नाव सुधारत आले. त्या नावाला साजेसे उत्तरदायित्व गावच्या बाजारात उतरले की नाही, याचा शोध पंचायतींच्या हर्रासाच्या कागदपत्रांतून आणि पावत्यांतून घेता येईल. अभ्यासकांनी त्यांकडे वळावे.