हॅरिस, टेला

हॅरिस, टेला : (१६ एप्रिल १९९७). ऑस्ट्रेलियन रूल्स फुटबॉलच्या राष्ट्रीय महिला लीगमधील नामवंत फॉरवर्ड खेळाडू आणि व्यावसायिक मुष्टियोद्ध्या. त्यांच्या एका किकचे छायाचित्र २०१९ मध्ये इंटरनेटवर देशोदेशी पोहोचले. महिला खेळाडूंना समाजमाध्यमांवर सोसाव्या लागणाऱ्या लैंगिक शेरेबाजीचा प्रश्न ऑस्ट्रेलियात त्यामुळे ऐरणीवर आला.

हॅरिस यांचा जन्म ब्रिस्बेनचा. लहानपणापासूनच त्या फुटबॉल खेळत. हा खेळ लंबगोल मैदानावर, लंबगोल चेंडूने खेळतात. मधल्या दोन उंच खांबांमधून चेंडू पायाने मारून पार केला, की सहा गुण मिळतात. हातातून सोडलेला चेंडू बहुतेकदा जमिनीला टेकण्याआधीच लाथाडला जात असल्याने लांब व अचूक किक हे फॉरवर्डचे खरे भांडवल असते आणि हॅरिस यांची ख्याती त्यासाठीच होती. महिलांची राष्ट्रीय लीग २०१७ मध्ये सुरू झाली. पहिल्या हंगामात त्या ब्रिस्बेन लायन्सकडून खेळल्या. संघ अंतिम सामन्यात ॲडलेडकडून सहा गुणांनी हरला. त्यानंतर त्या मेलबर्नच्या कार्लटन क्लबात दाखल झाल्या. व्यावसायिक मुष्टियुद्धातही त्या याच सुमारास उतरल्या.

१७ मार्च २०१९ रोजी कार्लटन आणि वेस्टर्न बुलडॉग्ज यांच्यातील सामन्यात छायाचित्रकार मायकल विल्सन यांनी हॅरिस यांची किक टिपली. दोन्ही पाय जमिनीपासून सुटलेले, किक मारलेला पाय डोक्याच्या उंचीपर्यंत गेलेला आणि नजर चेंडूवर खिळलेली. खेळाडूची ताकद, लवचीकपणा व तोल एकाच क्षणात दाखवणारे हे क्रीडाछायाचित्रणातील अव्वल दर्जाचे काम आहे. चॅनल सेव्हनने ते आपल्या फुटबॉलविषयक खात्यावर टाकताच त्याखाली अश्लील शेऱ्यांचा भडिमार झाला. वाहिनीने शेरे हटवण्याऐवजी छायाचित्रच काढून टाकले. या निर्णयाने शिक्षा झाली ती खेळाडूला. शेरे मारणारे नामानिराळेच राहिले. वाचक, पत्रकार आणि खेळाडू यांच्या संतापानंतर वाहिनीने माफी मागून छायाचित्र पुन्हा प्रसिद्ध केले.

हॅरिस यांनी स्वतः ते छायाचित्र आपल्या खात्यावर टाकले आणि आपण येथे आपले काम करत आहोत, असे शेरेबाजांना बजावले. रेडिओवरील मुलाखतीत त्यांनी या शेऱ्यांना समाजमाध्यमावरील लैंगिक अत्याचार म्हटले. मैदान ही आपली कामाची जागा आहे आणि तेथे आपल्याला असुरक्षित वाटू लागले, तर त्याची दखल घेतली गेलीच पाहिजे, हा त्यांचा मुद्दा होता. अशा प्रसंगी दुर्लक्ष कर, एवढाच सल्ला बाईला मिळतो. हॅरिस यांनी तो मानला नाही आणि प्रश्न वैयक्तिक मानापमानाच्या पलीकडे, कामाच्या ठिकाणच्या सुरक्षिततेपर्यंत नेला. त्यांच्या भूमिकेचे मोल यात आहे. तत्कालीन पंतप्रधान स्कॉट मॉरिसन यांनीही शेरेबाजांना भेकड ठरवून त्यांचा निषेध केला. या गदारोळातही मार्चअखेर हॅरिस ॲडलेड ओव्हलवर अंतिम सामना खेळल्या. सामना कार्लटनने गमावला, पण तो पाहायला ५३,०३४ प्रेक्षक आले होते.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये मेलबर्नच्या फेडरेशन स्क्वेअर येथे या किकचा ३.३ मीटर उंचीचा कांस्यपुतळा उभारण्यात आला. शिल्पकार टेरन्स प्लॉराइट. ऐन विशीतल्या, कारकीर्द जेमतेम सुरू झालेल्या खेळाडूचा पुतळा कशाला, अशी टीकाही झाली. परंतु हा पुतळा केवळ एका व्यक्तीच्या कर्तबगारीचा नसून त्या प्रसंगाचेही स्मारक असल्याने ती टीका पुरेशी ठरत नाही. २०२० मध्ये हॅरिस यांचे ‘मोअर दॅन अ किक’ हे जेनिफर कॅसल्स यांच्यासह लिहिलेले पुस्तक प्रसिद्ध झाले.

२०२१ मध्ये कार्लटन सोडून त्या मेलबर्न क्लबात गेल्या. नोव्हेंबर २०२२ मध्ये मेलबर्नने अंतिम सामन्यात ब्रिस्बेनला चार गुणांनी हरवले. याआधी तीन अंतिम सामने हरलेल्या हॅरिस यांना पहिले विजेतेपद मिळाले ते आपल्या जुन्या संघाविरुद्ध.